कागदाच्या म्हाताऱ्याशी वैर

माणूस माणसावर जळतो यात नवल नाही. सख्ख्या भावाच्या पगारावर जळणारे मी पाहिलेत, शेजारणीच्या केसांवर जळणाऱ्याही पाहिल्यात. पण जो माणूस मुळात जन्मालाच आलेला नाही, ज्याला ना हाड ना मांस, अशा माणसावर जळून जळून अर्धा झालेला एकच गृहस्थ माझ्या माहितीत आहे. तो म्हणजे आमच्या गल्लीतला बाइंडर.

हा बाइंडर साधासुधा असामी नव्हता. त्याची खळ इतकी चिकट असायची, की एकदा एक माशी डब्याच्या काठावर बसली आणि उडाली, तर डबाही तिच्याबरोबर औषधांच्या दुकानापर्यंत गेला. मी स्वतः पाहिलं नाही, पण औषधवाल्याने पाहिलं, आणि तो चष्मा लावतो. बाइंडरने शिवलेलं पुस्तक फाटायचं नाही, वाचणारा आधी फाटायचा. जन्मभर त्याने पुस्तकं शिवली, पण वाचलं म्हणाल तर एकही नाही. "हलवायाने मिठाई खात बसायचं नसतं," म्हणायचा. मोठ्या कागदाला घड्या घालून सोळा पानांचा जो गठ्ठा होतो, त्याला त्या धंद्यात फर्मा म्हणतात. प्रत्येक फर्म्याच्या पहिल्या पानावर तळाशी एक बारीक आकडा असतो. बाइंडर तेवढा आकडा वाचायचा. एकामागे दोन, दोनामागे तीन, लावले, शिवले, संपलं.

मात्र पुस्तकाचा देह बघून वाचणाऱ्याचं मन ओळखण्यात तो तरबेज होता, निदान त्याला तसं वाटायचं. पाठ कुठे मोडली, डाग कुठे पडले, कोपरा कुठे दुमडला, ते बघून सांगायचा, "हा इथे रमला. हा इथे झोपला. आणि हा इथे जेवला."

त्याची बायको एका थंडीत गेली. ती दुकानात त्याच्यासमोर बसून कागदांना घड्या घालायची आणि दोघांच्या वाटचं एकटीच बोलायची. ती गेल्यावर घरातलं बोलणंच संपलं. घरात उरले बाइंडर, त्याची थोरली बहीण आणि मुलगी. मुलीला सगळे मुंगी म्हणत, कारण सतत काहीतरी तोंडात धरून कुठूनतरी कुठेतरी नेत असायची. बहीण म्हणजे मुंगीची आत्या. तिने नुसता घसा खाकरला तरी वरच्या मजल्यावरचे लोक दार उघडायला उठत.

आई गेली त्या दिवशी मुंगी रडली नाही. दुसऱ्या दिवशी नाही, त्या महिन्यात नाही, पुढेही नाही. शाळेत गेली, जेवली, वेणी घालून घेतली. बाइंडर वाट बघत होता. आज ना उद्या पोर रडत आपल्याकडे येईल, आपण तिला जवळ घेऊ, मग आपलंही जरा रडून होईल. त्याला दुसरं काहीच नको होतं. संध्याकाळी दुकान आवरलं, की तो खळीने कडक झालेला शर्ट उतरवून धुतलेला घालायचा. न जाणो, आज आली तर.

मुंगी आली नाही. मुंगीने वाचनालयातून एक कादंबरी आणली.

लहान मुलांची कादंबरी ती. तिच्यातल्या मुलीची आई वारलेली असते. मुलगी कुणाशी बोलत नाही. तिला एक मैत्रीण भेटते, आणि एक म्हातारा भेटतो, छत्र्या दुरुस्त करणारा. त्याच्या दुकानात छत्र्यांपेक्षा पुस्तकंच जास्त. छत्री नीट होईपर्यंत गिऱ्हाइकाने बसून काहीतरी वाचायचं, असा त्याचा नियम. ती मुलगी धडधाकट छत्री रोज मोडून त्याच्याकडे न्यायची, एवढीच काय ती गोष्ट.

मुंगी ती कादंबरी एकटी वाचत नव्हती. तिची एक मैत्रीण होती, चष्मेवाल्याची मुलगी. तिच्या आवाजामुळे तिला भोंगा म्हणत. शाळा सुटली की दोघी दुकानाच्या पायरीवर बसायच्या. भोंगा मोठ्याने वाचायची, मुंगी ऐकायची. त्या आवाजात समोरच्या न्हाव्याचा वस्तरा आपोआप पुढेमागे व्हायचा. त्या काळात आमच्या गल्लीत कुणाच्याच मिशा दोन्हीकडून सारख्या नव्हत्या.

एके दिवशी जेवताना मुंगी आपणहून बोलली. बाइंडरचा घास हातातच राहिला.

"छत्रीवाले आजोबा म्हणतात, फार शहाण्या मुलांना छत्री लागत नाही, ती मुळी बाहेरच पडत नाहीत."

"कोण म्हणतं?"

"छत्रीवाले आजोबा."

"कुठे असतो हा?"

"पुस्तकात."

"हं," बाइंडर म्हणाला. थोड्या वेळाने म्हणाला, "काम काय करतो?"

"छत्र्या."

"मिळतं का त्यात काही?"

आत्या फस्सकन हसली. "अरे, तुला काय त्याला जावई करून घ्यायचाय?"

पण बाइंडरने अर्धं ताट तसंच बाजूला सारलं. मग रोजच सुरू झालं. छत्रीवाले आजोबा घाईत बोलत नाहीत. छत्रीवाले आजोबा आधी ऐकून घेतात. छत्रीवाले आजोबांना सगळं कळतं.

"कळणारच," बाइंडर आत्याला म्हणाला. "त्याला दुसरं काय काम आहे? ना भाडं, ना गिऱ्हाइकांची कटकट. मलाही कुणी छापून ठेवलं असतं, तर मीही गोड बोललो असतो."

"तू? तुझ्या पानांवर नुसते आकडे छापावे लागले असते."

खरं सांगतो, त्या आठवड्यात खळ शिजवायला त्याला शेगडी पेटवावी लागली नाही. डबा नुसता मांडीवर घेऊन बसायचा, की उकळी फुटायची.

एक दिवस ग्रंथपालबाई दुकानात आल्या आणि तीच कादंबरी त्यांनी टेबलावर ठेवली. पाठ मोडून दोन तुकडे झाले होते. "तुमच्याच कन्येचा पराक्रम," त्या म्हणाल्या. "परत करते, परत नेते. दुसऱ्या कुणाच्या हाती लागू देत नाही. जरा भक्कम बांधा."

बाइंडरने दाराबाहेर कुणी नाही असं बघितलं आणि पुस्तक हातात घेतलं. हाच तो. इतके दिवस नुसता ऐकला होता, आज तावडीत सापडला होता.

पाठ मोडली होती ती आठव्या आणि नवव्या फर्म्याच्या मधोमध. बाइंडरने लगेच ओळखलं: नवव्यातच म्हाताऱ्याचं काहीतरी खास असणार, पोर पुनःपुन्हा तेच उघडत असणार. आठव्याचं शेवटचं पान बोटांच्या डागांनी मळलेलं होतं आणि नववा फर्मा मात्र कोरा करकरीत होता. दुसऱ्या कुणाचं पुस्तक असतं, तर एवढं त्याच्या नजरेतून सुटलं नसतं. पण जळणाऱ्याच्या डोळ्यांत धूर फार असतो.

मग जन्मात न केलेली गोष्ट त्याने केली. भर दुपारी दुकानाचं शटर अर्धं खाली ओढलं आणि वाचायला बसला. पहिल्या फर्म्यापासून, शत्रूची रेकी करावी तसा. म्हातारा आला की ओठ चावायचा. म्हातारा गेला की पान उलटायचा. म्हातारा मुलीला स्टुलावर बसवतो. म्हातारा तिच्या हातात पुस्तक देतो. म्हातारा काही विचारत नाही, मग एकदम नेमकं तेच विचारतो.

"हे मलाही सुचलं असतं," बाइंडर म्हणाला. दुकानात कुणी नव्हतं, म्हणून कुणी हसलं नाही.

आणि मग त्याच्या डोक्यात आलं, की सुचायची तरी काय गरज आहे? सगळं तयार छापलेलं आहे.

संध्याकाळी मुंगी आणि भोंगा पायरीवर पुस्तकावाचून नुसत्याच बसल्या होत्या. बाइंडर धुतलेला शर्ट घालून बाहेर आला आणि त्यांच्या शेजारी टेकला. त्याचे गुडघे दारासारखे करकरले.

"मुंगे," तो घसा साफ करून म्हणाला, "ओली छत्री मिटून ठेवली की गंजते. उघडून ठेवावी. आपोआप वाळते."

मुंगीने त्याच्याकडे बघितलं. "बाबा, आपल्याकडे छत्री कुठे आहे?"

"नाही, म्हणजे तशी नाही. आतली."

"काका!" भोंगाचा आवाज गल्लीच्या टोकापर्यंत गेला. "हे तर पाचव्या प्रकरणातलं आहे! आणि तुम्ही चुकलात. 'आपोआप' नाहीये, 'हळूहळू वाळते' आहे!"

समोर न्हाव्याचा हात थांबला. मुंगी हसली नाही. हसली असती तर बरं झालं असतं. ती म्हणाली, "बाबा, ते आजोबांचं आहे. तुम्ही तुमचं बोला ना."

आता तुम्हीच सांगा, आपलं बोलायला जिभेवर काही असतं, तर हा माणूस चोरी करायला गेला असता का? तो उठला, आत गेला, आणि त्याच रागात त्याने नववा फर्मा उचलला. वरच्या वर दोन ओळी दिसल्या: मुलगी भर उन्हात छत्री घेऊन आली होती आणि म्हाताऱ्याने तिला बसायला स्टूल पुढे सरकवलं होतं. पुढे काय होणार हे सांगायला पंडित नको होता. पोर आता त्याच्यापाशी रडणार. त्याच्यापाशी!

"नाही रडायची," बाइंडर म्हणाला आणि फर्मा बाजूला ठेवून दिला. जाळायचा नव्हता, फाडायचा नव्हता. थोडे दिवस खणात राहील, म्हातारा जरा अंधारात बसेल, एवढंच. आठव्याला त्याने दहावा जोडला आणि असा घट्ट शिवला, की मधे काही होतं याची शंका येऊ नये.

पण बाइंडरचे हात डोक्याला विचारून काम करत नाहीत. पुठ्ठा पातळ निघाला. पातळ पुठ्ठा जाड करायचा, तर हाताशी असलेली रद्दी त्याच्यावर थरावर थर चिकटवायची, ही वर्षानुवर्षांची सवय. डोकं म्हाताऱ्याशी भांडत होतं, हातांनी खळ लावली, कागद लावले, वर कापड चढवलं, पुस्तक शिकंज्यात दाबलं. सकाळी कादंबरी अशी ताठ बाहेर आली, की तिने एखाद्याला मारलं असतं तर पोलीस आले असते.

दुपारी मुंगी शाळेतून आली. भोंगा मागे होतीच. मुंगीने पुस्तक हातात घेतलं, वास घेतला, पोटाशी धरलं. मग ती वडिलांसमोरच्या स्टुलावर बसली. तिथे आई बसायची. त्या दिवसापासून तिथे कुणी बसलं नव्हतं.

"बाबा, तुम्हाला वेळ आहे?"

"आहे की!" बाइंडरने हातातला दाभण खाली टाकला.

"यात एक भाग आहे. तो मी अजून वाचलेला नाही. तिथे आलं की मी हिला म्हणते थांब, आणि आम्ही परत पहिल्यापासून सुरू करतो."

"दरवेळी!" भोंगा म्हणाली. "मी घरी गुपचूप वाचलाय. पण हिला सांगितलं नाही. शप्पथ."

"त्यात ती मुलगी रडणार, हे आधीच कळतं," मुंगी म्हणाली. "मला तो एकटीने नाही वाचायचा. हिच्याबरोबर पण नाही. तुमच्याबरोबर वाचायचाय."

बाइंडरच्या कानशिलांत शिकंजा आवळावा तसं झालं. आता त्याला तो कोरा करकरीत फर्मा आठवला आणि दिसायचं ते दिसलं. "कुठला भाग?" त्याने विचारलं, पण उत्तर त्याला ठाऊक होतं.

मुंगीने पान उघडलं. उलटलं. परत उलटलं. "बाबा, मधली पानं कुठे आहेत?"

खण उघडला, रिकामा. दुसरा उघडला, रिकामा. टेबलाखाली बघितलं. मग त्याची नजर पुठ्ठ्याच्या जाडीवर गेली.

"ती यात आहेत," त्याने पुठ्ठ्यावर बोट ठेवलं. "चिकटवली."

"का?"

मशीनवर, ग्रंथपालबाईंवर, उंदरावर, कुणावरही ढकलता आलं असतं. ओठावर उंदीर आलाही होता. पण मुंगी आईच्या जागेवरून बघत होती.

"राग आला मला त्याचा," बाइंडर म्हणाला.

"कुणाचा?"

"त्या छत्रीवाल्याचा."

भोंगाने तोंड उघडलं आणि कधी नव्हे तो तिचा आवाज हळू निघाला. "काका, तो कागदाचा आहे."

"माहितीये मला!"

आत्या दारात येऊन उभी राहिली होती. तिने कपाळाला हात लावला. "अरे, लोक खऱ्या माणसांवर जळतात रे. तुला तेवढंही नीट जमू नये?"

मग चौघांनी पुठ्ठा उकलायचा प्रयत्न केला. वाफ दिली, ओलं फडकं ठेवलं, सुरी सरकवली. पण खळ कुणाची होती? माशीने डबा उचलावा अशी. कापड निघालं, पुठ्ठा निघाला, आणि आतून जे निघालं ते पिठल्यासारखं. एका तुकड्यावर 'स्टूल' वाचता आलं, एकावर 'आणि'.

मुंगी तो लगदा बघत बसली. तिचा चेहरा परत पूर्वीसारखा होऊ लागला, आवरलेल्या खोलीसारखा. बाइंडरला कळलं, की आता हे दार बंद झालं तर लवकर उघडायचं नाही.

"तुम्ही वाचलात ना, काढायच्या आधी?" मुंगीने विचारलं.

"वाचला," बाइंडर म्हणाला. दोन ओळी वाचल्या होत्या. "वाचला की."

"मग सांगा."

भोंगा काही म्हणणार होती. आत्याने तिच्या खांद्यावर हात ठेवला.

"ती छत्री घेऊन आली," बाइंडरने सुरुवात केली. "बाहेर ऊन होतं. म्हाताऱ्याने स्टूल सरकवलं." इथे छापलेलं संपलं. पुढे नुसता खड्डा. "मग तो म्हणाला... म्हणाला, तुझी आई हसायची कशी?"

"मग?"

"मुलगी काही बोलेना. मग म्हातारा म्हणाला, मी सांगतो. आवाज न करता हसायची. नुसते खांदे हलायचे. समोर बघितलं नाही, तर कळायचंच नाही हसतेय की काय करतेय. म्हणून तिचा नवरा काम करता करता सारखा मान वर करून बघायचा."

मुंगी स्टुलावर जरा पुढे सरकली.

"आणि कागद मोजताना लबाडी करायची. मधले चार-दोन आकडे गिळून टाकायची, लवकर उठता यावं म्हणून. नवऱ्याला कळायचं. तो बोलायचा नाही."

"छत्रीवाल्यांकडे कागद कशाला?" भोंगाच्या तोंडून निसटलं.

"होते त्याच्याकडे!" बाइंडर खेकसला. "तू गप बस गं." मग परत मुंगीकडे वळला. "मग म्हाताऱ्याने तिला विचारलं, तू रडली का नाहीस?"

एवढं बोलून तो अडकला. पुढचं त्याला खरंच माहीत नव्हतं. इतके महिने तो हेच विचारायला घाबरत होता.

"मग ती काय म्हणाली?" आत्याने विचारलं.

मुंगीच उत्तरली, पुठ्ठ्याच्या लगद्याकडे बघत. "ती म्हणाली, दवाखान्यात बाबा म्हणाले होते, आईसमोर रडायचं नाही. मग ती नाही रडली. पण नंतर, आता रडलं तरी चालेल, असं कुणी सांगितलंच नाही."

दुकानात इतकी शांतता झाली, की खळ वाळल्याचा आवाज ऐकू आला.

"मग म्हातारा म्हणाला," बाइंडरचा आवाज फाटला होता, "तुझा बाप गाढव आहे. तो विसरला. आता चालेल, बाळा. केव्हाच चालणार होतं."

आणि मुंगी रडली. स्टुलावरून उतरून बापाच्या खांद्यावर येऊन रडली. बाइंडरही रडला, आत्याही रडली, आणि आत्या रडली म्हणजे वरच्या मजल्यावरची माणसं जिन्यात येऊन उभी राहिली. दुकानातल्या हवेला इतका दमटपणा आला, की त्या आठवड्यात शिवलेली सगळी पुस्तकं फुगली. आमच्याकडच्या वाचनालयात आजही काही पुस्तकं मिटत नाहीत ती त्यामुळेच.

बऱ्याच वेळाने मुंगीने नाक पुसलं. चेहरा सुजला होता, पण आत कुणीतरी राहायला आल्यासारखा दिसत होता. तिने एक लांब श्वास घेतला.

"बाबा," ती म्हणाली, "छत्रीवाले आजोबा किती छान बोलले ना?"

बाइंडरचं तोंड उघडलं. 'ते मी बोललो' असं अगदी दातांपर्यंत आलं. जन्मात पहिल्यांदा तो स्वतःचं काहीतरी बोलला होता, आणि ते गेलं कुणाच्या खात्यावर? पण आपण भाग वाचलाय, हे त्यानेच सांगितलेलं. आत्या भिंतीकडे तोंड करून खोकायला लागली.

"हं," बाइंडर म्हणाला. "बरा माणूस आहे."

मुंगी आत्याबरोबर तोंड धुवायला आत गेली. भोंगाने दप्तर उचललं, दारापर्यंत गेली आणि परत आली.

"काका, एक सांगू? हिला नाही सांगणार."

"सांग."

"खऱ्या पुस्तकात त्या भागात आजोबा काहीच बोलत नाहीत. एक शब्दसुद्धा नाही. ती येते, ते स्टूल सरकवतात आणि नुसते छत्री नीट करत बसतात. ती आपली आपण रडते."

"नुसता बसतो?"

"हो."

"विचारत नाही? आईबद्दल नाही, काही नाही?"

"नाही."

"आणि तरी ती रडते?"

"खूप. सोळा पानं."

बाइंडरने त्या लगद्याकडे बघितलं. जळफळाटाने त्याचे कान लाल व्हायला लागले.

"लबाड म्हातारा," तो म्हणाला.